काजऱ्याच्या टेकडीवरची शाळा

दिवस पहिला : नॉम पेन्ह

कंबोडियाच्या ख्मेर भाषेत सहाला 'पाच-एक' म्हणतात आणि सातला 'पाच-दोन'. मुय, पी, बेय, बुअन, प्राम. आणि पाच संपले की प्राम-मुय. नवा विमानतळ शहरापासून बराच लांब आहे, त्यामुळे टॅक्सीवाल्याला हे सगळं बोटांवर शिकवायला भरपूर वेळ मिळाला. छत्तीस वर्षं गणित शिकवून निवृत्त झालेल्या बाईचं याहून चांगलं स्वागत कोणी करणार नाही. माझ्या नणंदेचा प्रश्न मात्र वेगळा होता. "वहिनी, इथली पोरं सातचा पाढा कसा म्हणत असतील हो?"

आम्ही दोघीच निघालो होतो. दिवाळी आटोपली, फराळाचे डबे रिकामे झाले आणि दोन्ही घरच्या पुरुषांनी "एवढ्या लांब काय बघायला चाललात?" असं विचारून झालं. अंगकोरवाटही पाहिलं, पण त्यावर लिहिणारे पुष्कळ आहेत. इथे त्याआधीच्या पाच दिवसांबद्दल लिहिते.

आमच्याकडच्या एजंटाने हॉटेलचं बुकिंग दुसऱ्या दिवसाचं केलं होतं. तासभर लॉबीत बसलो, मग खोली मिळाली. संध्याकाळी तोन्ले साप नदीच्या काठावर गेलो. लांबलचक होड्यांतून पन्नास-साठ माणसं एका ठेक्यात वल्ही मारत होती. चौकशी केल्यावर कळलं, पुढच्या पौर्णिमेला जलोत्सव आहे आणि महिन्याचं नाव 'कदेक'. म्हणजे आपला कार्तिक, आपली त्रिपुरी! ही नदी पावसाळ्यात उलटी वाहते. मेकाँगचं पाणी इतकं चढतं की हिला मागे ढकलून तळ्यात नेऊन सोडतं, आणि पाऊस संपला की प्रवाह पुन्हा सरळ होतो. उत्सव त्याचाच.

जाणाऱ्यांसाठी: डॉलर सगळीकडे चालतात, पण नोट जरा फाटलेली किंवा शाई लागलेली असली तर हात जोडून परत देतात. सुटे रिएलमध्ये मिळतात, साधारण चार हजारांना एक डॉलर. मांस नको असेल तर 'अत् साच्' म्हणावं. तरीही माशाचं पाणी पदार्थात पडतंच. कडक शाकाहारी असाल तर मेतकूट आणि दशम्या बरोबर ठेवा, मी ठेवल्या होत्या.

दिवस दुसरा : तुओल स्लेंग

'साला रियेन' म्हणजे शाळा. 'साला' आपलीच शाला आणि शिक्षकाला 'क्रू' म्हणतात तो आपलाच गुरू. 'ऑरकुन' म्हणून आभार मानतात, त्यातला 'कुन' म्हणजे गुण. भाषेतलं हे नातं पहिल्या दिवशी फार गोड वाटत होतं. दुसऱ्या दिवशी सकाळी साडेआठला तुओल स्लेंग या जुन्या तुरुंगाच्या, आताच्या संग्रहालयाच्या, फाटकातून आत गेले आणि माझी ती हौस फिटली.

कारण ती खरोखर शाळाच आहे. तीन मजली चार इमारती, मधे पटांगण, पुढे लांब व्हरांडा, व्हरांड्याला कठडा आणि ओळीने वर्ग. आपल्याकडे साठच्या दशकात बांधलेल्या कोणत्याही हायस्कुलात उभं राहिल्यासारखं वाटतं. जिन्यावरून मुलं धावत खाली येतील अशीच त्याची ठेवण. कवायतीसाठी उभा केलेला उंच लाकडी सांगाडा आहे, त्याला कैद्यांना उलटं टांगून खालच्या रांजणातल्या घाण पाण्यात बुडवत. पटांगणात चाफा फुललेला होता, त्याखाली चौदा पांढऱ्या कबरी.

१७ एप्रिल १९७५ ला ख्मेर रूज या कट्टर कम्युनिस्ट संघटनेच्या फौजा राजधानी नॉम पेन्हमध्ये शिरल्या आणि काही दिवसांत अख्खं शहर रिकामं केलं गेलं. दवाखान्यातले रोगीसुद्धा खाटांसकट रस्त्यावर आले. पैसा रद्द, बाजार रद्द, शाळा रद्द. शहरी माणसांना 'नवे लोक' ठरवून भातशेतीवर जुंपलं. सरकारला नाव नव्हतं, चेहरा नव्हता, नुसतं 'आंगकार' म्हणजे संघटना. पावणेचार वर्षांत, ७ जानेवारी १९७९ ला व्हिएतनामी फौजा येईपर्यंत, पंधरा ते वीस लाख माणसं गेली. देशाची लोकसंख्या ऐंशी लाखांच्याही आत होती. मुलं नसलेली ही शाळा 'एस-२१' नावाचा तुरुंग झाली. इथे आणलेल्यांची संख्या १२,००० हून अधिक आहे, काही अंदाज १८,००० पर्यंत जातात. जिवंत सापडलेले प्रौढ कैदी पुष्कळ वर्षं सातच मानले जात. नंतर आणखी काही नावं कळली, पण मोजायला हाताची बोटं जवळजवळ पुरतात.

तुरुंगाचा प्रमुख कांग गुएक इयाव उर्फ डुच. गणिताचा शिक्षक.

हे मला घरून निघण्याआधी माहीत होतं. तरीही गाइडबाईंनी "ही वॉज अ क्रू, मॅथेमॅटिक्स" असं म्हटल्यावर नणंदेने माझ्याकडे पाहिलं आणि मी उगाचच चश्मा पुसत बसले. गाइड पन्नाशीच्या, बारीक अंगाच्या, इंग्रजी अगदी तोलून बोलणाऱ्या. शहर रिकामं झालं तेव्हा त्या तीन वर्षांच्या होत्या, आईच्या कमरेवर.

'अ' इमारतीत प्रत्येक वर्गात एक लोखंडी खाट, बेड्या आणि दारूगोळ्याची पत्र्याची पेटी. तीच शौचाला. पायाखाली पांढऱ्या-केशरी चौकटींच्या फरश्या. 'क' इमारतीत वर्गांमधल्या भिंती फोडून दारं पाडली आहेत. आत विटांच्या खोपट्या रचल्या आहेत, जेमतेम माणूस आडवा होईल एवढ्या, वाकडातिकडा गिलावा आणि वर रंगाने टाकलेले आकडे. वरच्या मजल्यावर त्याच लाकडाच्या. व्हरांड्याला काटेरी तारांची जाळी आहे. पळू नयेत म्हणून असेल असं मला वाटलं होतं. कोणी उडी मारून मरू नये म्हणून ती होती. कबुलीजबाब पुरा होण्याआधी मरायला परवानगी नव्हती.

आणि ते कबुलीजबाब! तुरुंग चालवणाऱ्यांचा कागदावर भारी विश्वास. प्रत्येकाचा फोटो, छातीवर नंबर, मग आयुष्याची हकिकत, मग सीआयए, केजीबी नाहीतर व्हिएतनामसाठी हेरगिरी केल्याची कबुली, मग साथीदारांची नावं. लिहून आलं की ते डुचकडे जाई. तो तपासायचा, समासात शेरे मारायचा, पुन्हा लिहून आणायला सांगायचा. लाल शाईने.

काचेमागचा एक कागद मी बराच वेळ पाहत राहिले. ख्मेर लिपीचं अक्षर कळत नाही, पण अधोरेखित केलेलं वाक्य, समासातली खूण आणि कोपऱ्यातली सही कोणत्याही लिपीत कळते. माझ्या पर्समध्ये आजही दोन पेनं असतात, एक निळं, एक लाल. सवय.

समुद्रात भरकटून सापडलेले काही परदेशी नाविकही इथे होते. त्यातल्या न्यूझीलंडच्या केरी हॅमिल याच्याकडून सीआयएतल्या वरिष्ठांची नावं वदवून घेतली, तर त्याने तळलेल्या कोंबडीच्या डब्यावरचे 'कर्नल सँडर्स' दिले. आणखी एक नाव दिलं, 'एस. टार'. त्याच्या आईचं नाव एस्थर. २००९ मध्ये डुचवरच्या खटल्यात त्याच्या भावाने हे उलगडून सांगितलं. ज्यांनी ते टंकून फाईलला लावलं त्यांना काहीच कळलं नव्हतं.

जगले ते हातातल्या कलेवर. वान नाथ हे बट्टमबांगचे, सिनेमाचे फलक रंगवणारे. महिनाभर एका लोखंडी कांबीला इतरांबरोबर पाय अडकवून पडलेले. दोन वेळा काही चमचे पेज. शेजारचा मेला तरी त्याच्याजवळच जेवायचं, छतावरून किडा पडला तर पहारेकऱ्याची नजर चुकवून तोंडात टाकायचा. मग फोटोवरून ख्मेर रूजचा म्होरक्या पोल पॉट याचं चित्र काढायला बोलावणं आलं. ते जमलं म्हणून मारायच्या यादीतलं नाव राहून गेलं. पुढे त्यांनीच याच इमारतीत पाहिलेलं आणि ऐकलेलं सगळं रंगवलं, ती चित्रं भिंतीवर आहेत. एका चित्रात खिडकीतून पाण्याची नळी आत सोडून उघड्याबंब कैद्यांना 'अंघोळ' घालतात. ज्या खिडकीपाशी ते चित्र पाहिलं, साधारण तशीच खिडकी. वान नाथ २०११ मध्ये वारले.

चुम मे हे मेकॅनिक. बारा दिवस छळ, पायाची नखं उपटली, कानाला विजेचे झटके. सीआयए म्हणजे काय हेच त्यांना ठाऊक नव्हतं. शिवणयंत्रं आणि टंकयंत्रं दुरुस्त करता येतात म्हणून ठेवले. इथे नणंद एकदम थांबली. तीस वर्षं ती घरी ब्लाउज शिवते. "शिवणयंत्रं?" तिने मराठीतच विचारलं. मग मला म्हणाली, "खरंय वहिनी. बॉबिन अडकली की राजा असला तरी मिस्त्रीची वाट बघत बसतो." पुढचं गाइडबाईंनी सांगितलं तेव्हा ती काही बोलली नाही. व्हिएतनामी फौजा आल्यावर पहारेकऱ्यांनी चुम मे यांना बाहेर नेलं, वाटेत बायको आणि तान्हा मुलगा भेटले आणि त्याच धावपळीत दोघंही गोळ्यांनी गेले.

चुम मे आणि चित्रकार बू मेंग इथल्या पटांगणात टेबल मांडून बसायचे, आपल्या आठवणींची पुस्तकं विकायचे, लोकांबरोबर फोटो काढून द्यायचे. जिथे मारलं तिथेच रोज येऊन बसायचं, ही कल्पना मला सोसत नाही. पण पोटाचा प्रश्न असतो, आणि घरी बसून तरी काय विसरणार? आम्ही गेलो त्या दिवशी कोणीच आलेलं नव्हतं. पुस्तकांची चळत, हातपंखा, प्लॅस्टिकची निळी खुर्ची. थोडा वेळ थांबलो. मग मला माझीच लाज वाटली, नव्वदी ओलांडलेल्या माणसाने माझ्यासाठी उन्हात यावं म्हणून मी घड्याळ पाहत होते.

गाइडबाईंना मी नावाचा अर्थ विचारला. तुओल म्हणजे टेकडी, स्लेंग म्हणजे एक विषारी झाड, ज्याच्या बियांतून स्ट्रिक्निन निघतं. म्हणजे आपला काजरा. माझं माहेर कोकणातलं. नारिंगी, सुबक फळं दिसतात, आणि "त्याला हात लावू नका गं" असं आजी ओरडायची तो काजरा.

जाणाऱ्यांसाठी: तिकीट पाच डॉलर, ऑडिओ गाइड वेगळा. तो चांगला आहे, तरी माणूस गाइड घ्या. कानात यंत्र असलं की प्रश्न विचारता येत नाही. गुडघे-खांदे झाकलेले हवेत. हसू नका अशी चित्राची पाटी आहे, हसरा चेहरा आणि त्यावर फुली. मला ती आधी विचित्र वाटली, मग जिन्यात ओठांचा चंबू करून सेल्फी घेणारी दोन पोरं दिसली. सकाळी लवकर जा आणि दुपारी दुसरं काही ठेवू नका. आम्ही हॉटेलवर येऊन नुसत्या पडून राहिलो. चारला पाऊस आला तेव्हा नणंदेने चहा केला आणि म्हणाली, "उद्या मी येत नाही." उद्या आली.

दिवस तिसरा : चोएंग एक आणि सीता

शहरापासून पंधराएक किलोमीटरवर चोएंग एक. एकेकाळी लोंगन या फळाची बाग आणि चिनी लोकांची स्मशानभूमी. एस-२१ मधल्या कैद्यांना "नव्या घरी नेतो" असं सांगून रात्री ट्रकने इथे आणत. गोळी महाग, म्हणून कुदळ, लोखंडी कांब, गाडीचा आस. झाडाला कर्णा बांधून गाणी लावत, शिवाय जनरेटरची घरघर, म्हणजे किंकाळ्या बाहेर जाऊ नयेत. १२९ खड्ड्यांपैकी ८६ उघडले, त्यांत जवळजवळ नऊ हजार देह निघाले. बाकीचे तसेच ठेवले आहेत. मधोमध काचेचा उंच स्तूप आहे, आत मजल्यांवर कवट्या. एका झाडाला दोऱ्यांची रंगीत कंकणं बांधलेली आहेत, शेकड्यांनी. त्या झाडावर लहान मुलं आपटत. इथे मी यापेक्षा जास्त लिहीत नाही.

रात्री पाऊस झालेला होता. पायवाटेवर, लाकडी फळ्यांच्या बाजूला, मातीतून एका कापडाची किनार वर आली होती. विटकरी होती की मळून तशी झाली होती, सांगता येत नाही. नणंदेने वाकून पाहिलं, हात लावला नाही. "हातशिलाई आहे," ती म्हणाली. "दुहेरी टीप घातलीय." पावसाळ्यानंतर अशी कापडं, दात, हाडं वर येतात, कर्मचारी ती गोळा करून ठेवतात. कोणी काही उचलू नये.

बू मेंग यांची बायको एस-२१ मध्ये गेली. २००९ मध्ये डुचच्या खटल्यात साक्षीला उभे राहिले तेव्हा त्यांनी त्याला एवढंच विचारलं की तिला कुठे मारलं. तिथली माती आणून तिच्या आत्म्यासाठी प्रार्थना करायची होती. डुचला नक्की सांगता आलं नाही, बहुधा चोएंग एकला, असं म्हणाला. इतक्या बारीक नोंदी ठेवणारा माणूस! डुचला २०१० मध्ये ३५ वर्षांची शिक्षा झाली, २०१२ मध्ये अपिलात ती जन्मठेप झाली, २०२० मध्ये तो मेला. नरसंहाराचा दोष मात्र २०१८ मध्ये दुसऱ्या खटल्यात, वरच्या दोन नेत्यांवर सिद्ध झाला. पोल पॉट १९९८ मध्येच गेला होता, या न्यायालयापुढे न येताच.

दुपारी बोफाना केंद्रात गेलो. शहरात आहे, फुकट आहे, वातानुकूलित आहे आणि जवळजवळ रिकामं असतं. जुने चित्रपट, ध्वनिमुद्रणं, वाचलेल्यांच्या मुलाखती संगणकावर बसून पाहता येतात. केंद्राला जिचं नाव आहे ती हूत बोफाना एस-२१ ची कैदी. नवऱ्याला लिहिलेली प्रेमपत्रं हाच तिचा गुन्हा, आणि तीच पत्रं पुरावा म्हणून फाईलला लागली म्हणून टिकली. पत्राखाली ती 'सेदा' अशी सही करायची. सेदा म्हणजे सीता, तिथल्या रामायणातली. १९७७ च्या मार्चमध्ये तिला मारलं. माझ्या शेजारच्या टेबलावर कॉलेजातली एक मुलगी हेडफोन लावून एका म्हातारीची मुलाखत ऐकत होती, आणि मधेमधे थांबवून वहीत उतरवून घेत होती. अक्षर सुंदर होतं.

दिवस चौथा : बट्टमबांग

मिनीव्हॅनने सहा तास. एसी तिसऱ्या तासाला बंद पडला, खिडक्या उघडत नव्हत्या. वाटेत थांब्यावर क्रालान मिळालं: बांबूच्या नळीत भरून भाजलेला चिकट भात, त्यात नारळाचं दूध आणि चवळीसारखे दाणे. नळी केळं सोलावं तशी सोलायची, भाताला आतला पातळ पापुद्रा चिकटून येतो. शाकाहारी आहे! नणंदेने चार घेतली आणि शेवटची दोन तिला संध्याकाळी नको झाली.

बट्टमबांग हे वान नाथ यांचं गाव. नदीकाठी फ्रेंचांच्या वेळच्या पिवळ्या इमारती, रुंद रस्ते, निवांत माणसं. संध्याकाळी नॉम सांपोवच्या डोंगरावर गेलो. वरच्या गुहेला छताला भोक आहे, त्यातून माणसांना खाली ढकलत. आता आत पायऱ्या आहेत आणि पहुडलेला बुद्ध. डोंगराच्या पायथ्याशी दुसऱ्या एका गुहेतून साडेपाचच्या सुमारास वटवाघळं बाहेर पडतात. लाखोंनी. धुराची दोरी उलगडत जावी तशी वळणं घेत भातशेतांवर जातात, अर्धा तास तरी संपत नाहीत. खाली प्लॅस्टिकच्या खुर्च्या मांडलेल्या, ऊसाचा रस, भाजलेले कणीस. त्या दोन गुहा एकाच डोंगरात आहेत.

दिवस पाचवा : साम्रोंग क्नोंग

गावाबाहेर थोड्या अंतरावर वाट साम्रोंग क्नोंग हे जुनं बौद्ध देऊळ. ख्मेर रूजच्या काळात भिक्षूंना हाकलून त्याचा तुरुंग केला होता. आवारातल्या स्मारकात काचेमागे हाडं आहेत आणि भोवती दगडात कोरलेली दृश्यं: शेतावरची सक्तीची मजुरी, लग्नाची सक्ती, उपासमार. सुमारे दहा हजार माणसं इथे गेली असं तिथे लिहिलं आहे. नॉम पेन्हच्या तुरुंगाची कागदपत्रं २००९ मध्ये युनेस्कोने जागतिक ठेवा मानली, २०२५ च्या जुलैत ती जागा आणि चोएंग एक जागतिक वारसा झाल्या. असल्या गावोगावच्या देवळांना पाटी एकच असते, तीही गंजलेली.

रिक्षावाला मुलगा इंग्रजी बरं बोलायचा. त्यानेच पुढे रस्त्यावर नोम बान चोक खायला थांबवलं. तांदळाच्या ताज्या शेवया, वर माशाची हिरवट पातळ आमटी, केळफूल, काकडी, तळ्यातली कमळाची देठं. मी नुसत्या शेवया आणि भाज्या घेतल्या, म्हातारीने वरून दाण्याचा कूट घातला आणि माझ्या तोंडाकडे पाहत राहिली. वय साठीच्या पुढे, डोक्याला चौकटीचा क्रामा गुंडाळलेला.

कुठून आलो, काय करतो हे झालं. मी क्रू होते म्हटल्यावर तिने कोणता विषय ते विचारलं. गणित. मग ती टोपली सावरत आपणहूनच बोलायला लागली, मुलगा तुकड्यातुकड्याने सांगत होता. आम्ही काही विचारलं नव्हतं.

पंचाहत्तरमध्ये ती अकरा वर्षांची होती. पुढच्या वर्षी मावशीबरोबर शेतातून कसावाचं कंद उकरताना पकडली गेली, आंगकारचं कंद. देवळात ठेवलं. एका कांबीला दोन्ही बाजूंनी पाय. किती दिवस ते माहीत नाही. मार आठवतो का, तर फारसा नाही. भूक आठवते, पण ती तर बाहेरही होती. आठवते ती मोजणी. रात्री पहारेकरी कंदील घेऊन यायचा आणि कांबीवरचे पाय मोजत जायचा. मुय, पी, बेय. पोरगाच होता, तिच्याहून दोन-चार वर्षांनी मोठा, आणि वीसच्या पुढे चुकायचा. चुकला की पुन्हा पहिल्यापासून. ती मनात त्याच्याबरोबर मोजायची, त्याने चुकू नये म्हणून, कारण चुकला की चिडायचा. एका सकाळी मावशीचे पाय मोजणीत नव्हते.

"ती म्हणते, ती अजून मोजते," मुलगा म्हणाला. "वाट्या. रोज रात्री."

नणंदेने तिचा हात धरला होता. मला काही सुचेना म्हणून मी पैसे विचारले. तीन वाट्या, त्यात मुलाची एक, आणि दोन उसाचे रस. म्हातारीने खोक्याचा पुठ्ठा ओढला, कोळशाच्या तुकड्याने त्यावर आकडे मांडले, सावकाश बेरीज केली आणि पुठ्ठा माझ्याकडे सरकवला. मुलगा हसला. "तपासा म्हणते. शाळा चौथीत सुटली."

बेरीज बरोबर होती. हातचा एक नीट वर लिहिलेला. पर्समध्ये हात घातला तर दोन्ही पेनं लागली. निळं काढलं आणि खाली बरोबरची खूण केली.